कोयनाकाठचे पाटण : गावाच्या इतिहासात आपले नाव कुठे?

नात्यातील एका मंगल परिणयाच्या निमित्ताने आम्ही नुकतेच पाटणला जाऊन आलो. कऱ्हाडच्या स्टँडवर चिपळूणकडे जाणारी एस.टी. धरली. मल्हारपेठ मागे पडले की दोन्ही अंगांनी डोंगर जवळ येऊ लागतात. तासाभरात पाटण येते. केरा नदी जिथे कोयनेला मिळते, तिथे हे गाव वसले आहे. तालुक्याचे ठिकाण असल्याने कचेरी, कोर्ट, बाजारपेठ सारे आहे. पण मान वर केली की चहूकडे डोंगरच.

मंगल परिणय आटोपला, जेवणे झाली. मांडवात बसलेल्या एका कॉलेजकुमारास आम्ही सहज विचारले, "बाळ, तुमच्या गावचा इतिहास काय रे?" त्याने घडाघडा सांगितले. दातेगड, त्याला शिवाजी महाराजांनी दिलेले सुंदरगड हे नाव, पाटणकर सरदार, १८१८ साली गडावर आलेला इंग्रजांचा अंमल. पोरगा हुशार होता. मग आम्ही विचारले, "आणि तुझ्या पणजोबांचे नाव?" पोरगा गप्प झाला. शेजारी बसलेले त्याचे वडीलही गप्प झाले.

त्यांना काय हसावे? आमची गतही तीच. मुलीच्या जातीच्या दाखल्यासाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा हवा होता. तेव्हा आम्ही आमच्या गावच्या कोतवाल बुकाची नक्कल काढली. त्या पिवळ्या कागदावर आमच्या पणजोबांचे नाव आम्हास पहिल्यांदा दिसले. वयाच्या चाळिशीनंतर!

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या पोराला सोबत घेऊन आम्ही दातेगड चढलो. दरवाजापाशी कातळात कोरलेले भलेमोठे गणपती आणि मारुती आहेत. वर अखंड कातळ फोडून केलेली, तलवारीच्या आकाराची खोल विहीर आहे. आत उतरायला कातळाच्याच पायऱ्या. आम्ही पोराला म्हटले, "गड कोणाच्या ताब्यात होता हे तू सांगितलेस. आता हा कातळ कोणी फोडला ते सांग." छिन्नी-हातोडा धरणाऱ्या त्या हातांची नावे कुठेच नाहीत.

पण नेहमी असेच घडले आहे असे नाही. कोयना महाबळेश्वरी उगम पावते, हेळवाकजवळ पूर्वेकडे वळते आणि पाटणवरून कऱ्हाडला जाऊन कृष्णेला मिळते. त्या कऱ्हाडजवळ आगाशिवाच्या डोंगरात बौद्ध लेणी आहेत. कऱ्हाडचे जुने नाव करहाकड. रायगड जिल्ह्यातील कुडा येथील लेण्यांत करहाकडच्या एका लोखंडाच्या व्यापाऱ्याने लेणे दान दिल्याचा शिलालेख आहे. तो राजा नव्हता, सरदार नव्हता. सुमारे दोन हजार वर्षे झाली तरी त्याचे नाव दगडावर टिकले आहे. बौद्ध लेण्यांवर व्यापारी, कारागीर, भिक्खुणी, गृहिणी अशा साध्या माणसांची नावे सापडतात. पुढच्या काळात मात्र साधी माणसे नोंदीतून गेली.

गावगाड्यात आपल्या वाडवडिलांनी काय केले नाही? गावची शीव राखली, सरकारी टपाल वाहिले, खजिन्याबरोबर चालले, दवंडी दिली, मेलेले ढोर ओढले. शिवेचा तंटा उभा राहिला की महाराची साक्ष मोलाची. पण गावात त्याची सावली नको. या वेठीविरुद्ध परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात वतन सुधारणेचे बिल मांडले. प्रत्यक्षात ही वतने संपायला १९५८ चा कायदा यावा लागला.

त्याच सुमारास पाटण तालुक्याचे नशीब दुसऱ्याच गोष्टीने बदलत होते. कोयना धरणाचे काम सुरू झाले होते. १९६४ च्या सुमारास १०३ मीटर उंचीचे धरण पुरे झाले. पश्चिमेला बोगद्यातून पाणी सोडून वीज होऊ लागली. आज चारही टप्प्यांची मिळून क्षमता सुमारे १,९६० मेगावॅट आहे. ही वीज मुंबईपर्यंत गेली, गिरण्या-कारखान्यांना मिळाली. पण शिवसागर जलाशयाखाली गावे गेली. माणसे सोलापूर, सांगली, रत्नागिरी, रायगड, ठाणे अशी विखुरली आणि पुनर्वसनासाठी त्यांच्या पुढच्या पिढ्याही झगडत राहिल्या.

मग ११ डिसेंबर १९६७ ची पहाट. मांडवात भेटलेल्या एका आजीने ती आम्हास सांगितली. "चार वाजून गेलं हुतं बघा. पहिल्यांदा मांडणीवरची भांडी पडली. मला वाटलं मांजर हाय. मग भिंतच हालली. पोरांना गोधडीसकट उचललं अन् भाईर आले. थंडी अशी, की दात वाजत हुते, पण घरात जायचं कुणाचं धाडस हुईना." त्या भूकंपात पावणेदोनशेच्या वर माणसे दगावली. कोयनानगर जमीनदोस्त झाले. आजी म्हणाल्या, "ह्ये कुणी आजवर इचारलं नव्हतं मला."

डोंगरउतारावरची तुटपुंजी शेती पोट भरत नाही. म्हणून इथल्या घराघरांतून माणूस मुंबईला गेला. कुणी गिरणीत, कुणी गोदीत, कुणी भाजी मार्केटात पाठीवर ओझे वाहायला. माथाडी कामगारांना ज्यांनी संघटित केले ते अण्णासाहेब पाटील याच तालुक्यातील मंद्रुळकोळ्याचे. त्या लढ्यातून १९६९ चा माथाडी कायदा आला. आणि डोंगर अजूनही परीक्षा घेतोच. जुलै २०२१ च्या अतिवृष्टीत आंबेघर, मिरगाव, ढोकावळे येथे दरडी कोसळून घरेच्या घरे गाडली गेली.

वाचकहो, हा सारा पाटणचा इतिहासच आहे. पण तो लिहिणार कोण?

आम्ही पडलो कारकून, बी.कॉम. शिकलेले. नोंदवही म्हणजे काय हे आम्हास कळते. विलायतेत १५३८ साली हुकूम निघाला, की प्रत्येक गावच्या चर्चने बाप्तिस्मा, लग्न आणि दफन यांची वही ठेवावी. त्यामुळे तिथल्या शेतमजुराच्या वंशजालाही आज आपले पूर्वज शोधता येतात. आपल्याकडे कोतवाल बुक आहे, पण त्यात जन्म आणि मरण एवढेच. मधले आयुष्य त्यात नाही. ते आजीच्या तोंडी आहे आणि आजी गेली की तेही जाईल.

तेव्हा आमची कळकळीची विनंती आहे. या सुट्टीत गावी जाल तेव्हा एक दोनशे पानी वही घ्या. घरातल्या म्हाताऱ्या माणसापाशी बसा. पणजोबांचे नाव काय, पणजीचे माहेर कुठले, वतन कसे सुटले, मुंबईला पहिल्यांदा कोण गेले, हे मुलांच्या हाताने लिहून घ्या. तारीख टाका. म्हाताऱ्या माणसाची सही किंवा अंगठा घ्या. ती वही विहारात ठेवा.

परत निघताना तो पोरगा एस.टी.पर्यंत सोडायला आला. गाडी सुटता सुटता खिडकीशी येऊन म्हणाला, "काका, पणजोबांचं नाव कळलं. आजीनं सांगितलं. राघू!"

जयभीम!