धुक्यातले पत्र

भाचा जर्मनीहून दिवाळीला आला, तो कपड्यांपेक्षा तारा नि यंत्रेच जास्त घेऊन. फराळाचे ताट उचलले न उचलले तोच त्याने जुने प्लेस्टेशन आमच्या टीव्हीला जोडले आणि 'सायलेंट हिल २' नावाचा भयाचा खेळ लावला. मी मॅट्रिकपाशी थांबलेला मास्तर; नावावर चार कादंबऱ्या असल्या तरी खेळांत माझी मजल पत्त्यांपर्यंतच. तरी बसलो.

खेळ टोकियोत कोनामी कंपनीने केलेला, त्यातले गाव अमेरिकेतले, आणि ही डीव्हीडी नोव्हेंबर २००१ मध्ये युरोपासाठी निघालेली. पात्रे इंग्रजीत बोलतात; खालचा मजकूर मात्र इंग्रजी, फ्रेंच, जर्मन, इटालियन, स्पॅनिश, हवा तो घ्यावा. "मामा, माझं निम्मं जर्मन ह्याच्यावर झालं. कानानं इंग्रजी, डोळ्यांनी जर्मन," भाचा म्हणाला. जन्मभर व्याकरण घोकून घेणाऱ्या मला हे थोडे लागलेच.

गोष्ट अशी. जेम्स नावाच्या गृहस्थाला बायकोचे पत्र येते, 'आपल्या जागी मी वाट पाहते आहे.' बायको वारून तर तीन वर्षे झालेली! तो त्या गावी जातो, गावभर धुके. खिशातला रेडिओ खरखरला की समजावे, काहीतरी जवळ आले. १९९९ च्या पहिल्या खेळात हे धुके अडचणीपोटी आले होते. तेव्हाच्या यंत्राला लांबवरचे घर-रस्ते झेपत नसत. दुसऱ्या वेळी यंत्र ताकदीचे मिळाले, तरी करणाऱ्यांनी धुके ठेवलेच. आम्हा लिहिणाऱ्यांचीही पुष्कळशी शैली अशीच जमलेली असते. पण ते असो.

आई माळ घेऊन मागे कधी येऊन बसली, कळलेच नाही. "काय लिहिलंय रे तिनं?" तिने विचारले. मी सांगू लागलो. त्या भाषांत मराठीची भर अशी माझ्यामुळे पडली. रोज रात्री आई माळ घेऊन हजर.

भाऊबीजेच्या रात्री जेम्स हॉटेलातल्या ३१२ नंबरच्या खोलीत पोचला. तिथे त्याने एक टेप लावली. आजारी बायकोच्या तोंडावर उशी दाबून त्यानेच तिला मारले होते.

"काय झालं रे?" आईने विचारले.

माझे वडीलही तीन वर्षे अंथरुणाला खिळून होते. त्यांची कूस बदलण्यापासून सारे आईने केले. एका पहाटे ती मला म्हणाली होती, "आता सुटू देत रे हे." मी तिच्यावर ओरडलो होतो. त्यानंतर तो विषय आमच्या घरात कुणी काढला नाही.

"काही नाही, आई. आजारानं गेली बिचारी."

"उशी मला दिसली," आई म्हणाली. थोड्या वेळाने तिने भाच्याला विचारले, "किती वर्षं करत होता तो तिचं?"

भाचा माझ्याकडे पाहू लागला. "आजी, बंद करू का?"

"नको. तिचं पत्र अजून पुरतं वाचलं नाही ना? ते होऊ दे." मग माझ्याकडे वळून म्हणाली, "आणि तू नीट सांग मला. गाळू नकोस काही."

मी खुर्ची तिच्याजवळ ओढली.