मातीसकट जुडी

स्वररज्जूवरची गाठ काढली, त्याला दीड वर्ष झालं. बोलता येतं, पण आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जात नाही. तीस वर्षं मी याच आवाजावर टाळ्या घेतल्या. नव्या नाटकात मला एकही वाक्य नाही. अकरा मिनिटं मेथी निवडायची, आणि तेच जमत नाही.

घरी जमतं. तालमीत पहिल्या दोन काड्या ठीक जातात. तिसरीला मनगटाला कळतं की समोर माणसं आहेत. मग पान खुडताना बोटं सांगायला लागतात, बघा, ही बाई किती एकटी आहे. काड्या मोजून पाहिल्या, डोळे मिटून पाहिले. बोटं गप्प बसत नाहीत.

म्हणून फ्रेंच नटी देल्फीन सेरिगचे सिनेमे पुन्हा पाहते आहे. तिचा तो खोल, रेंगाळणारा आवाज! ॲलाँ रेनेच्या ‘म्युरिएल’साठी १९६३ साली व्हेनिसला तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. आणि १९७५च्या दोन सिनेमांत तिनं हे धन जवळजवळ बाजूला ठेवलं. मार्गेरित द्युरासच्या ‘इंडिया साँग’मध्ये पडद्यावर कुणीच बोलत नाही, सगळे आवाज बाहेरून येतात. शांताल आकेरमानच्या ‘झान दिएलमान’मध्ये ती ब्रसेल्समधली विधवा आहे. तीन तास एकवीस मिनिटं, बहुतेक घरकाम. दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात आणि ती नवे सोलायला बसते. सुरी मध्येच थांबते, पुन्हा चालते. तिचे हात मला काहीही सांगत नाहीत, आणि माझा जीव घाबरा होतो.

मला वाटायचं, हे तिच्या रक्तातच असणार. पण नट सामी फ्रेनं ‘झान दिएलमान’च्या चित्रीकरणाच्या वेळी टिपलेली दृश्यं आहेत. त्यांत न्यूयॉर्कच्या ॲक्टर्स स्टुडिओत शिकून आलेली ही बाई पंचविशीही न गाठलेल्या दिग्दर्शिकेकडे हालचालींमागची कारणं मागते, अडून बसते. पडद्यावर त्या भांडणाचा मागमूस नाही. ते तिनं कुठे पुरलं, हे मला अजून सापडलेलं नाही.

आमच्या मालिकांतल्या बायका अख्ख्या प्रसंगात एकच शेंग सोलतात. वाक्य आलं की हात थांबतो. मला त्याचा संताप येतो, कारण कामाला तिथे कुणी काम समजतच नाही.

पण माझंही सांगते. परवा एक मुलगी म्हणाली, “ताई, तुमचे हात किती सुंदर दिसतात!” रात्रभर मी सुखात होते. दुसऱ्या दिवशी जुडी जरा उजेडाकडे सरकवली. कुणाला कळलं नाही. सेरिगनं त्याच काळात नट्यांना बोलतं करून एक माहितीपट केला. त्याच्या नावाचा अर्थ ‘सुंदर दिस आणि गप्प बस’. मी गप्प बसले होते आणि सुंदर दिसत होते.

काल एका मुळाशी चिखल घट्ट बसला होता. नखानं खरवडताना मी कुठे आहे हे विसरले. किती वेळ, ठाऊक नाही. आठवलं तेव्हा मनगट पुन्हा सावध झालं होतं.

प्रॉपर्टीवाल्या मुलाला सांगितलंय, उद्यापासून जुडी धुऊन आणू नकोस.