कार्डात काय जातं आणि काय जात नाही

आमच्याकडचा निन्टेन्डो स्विच माझ्या दिरांनी न्यू जर्सीहून येताना आणला. अगदी पहिलं मॉडेल, २०१७ साली निघालेलं. तेव्हा भारतात त्याची अधिकृत विक्री नव्हती. त्यामुळे इथल्या बहुतेक घरांत तो असाच कोणाच्या तरी बॅगेतून नाहीतर आयात करणाऱ्या दुकानातून आलेला असतो, आणि काही अडलं की विचारायला हक्काचं ठिकाण नसतं. आम्हाला जे कळलं ते तुकड्यातुकड्यांनी कळलं. म्हणून इथे सलग लिहिते आहे.

सुरुवात झाली ती जागा संपल्यामुळे. या कन्सोलची आतली मेमरी ३२ जीबी. त्यातली सिस्टिमची जागा वजा करता २६ जीबीच्या आसपास आपल्या हाती राहते. 'झेल्डा : ब्रेथ ऑफ द वाइल्ड' एकटाच चौदा जीबीच्या घरात जातो. थोरलीच्या वाढदिवसाला काकांनी नव्या गेमचा कोड पाठवला तर तो उतरेचना. धाकटा म्हणाला, झेल्डा उडवू. थोरलीचे डोळे भरून आले. त्या गेममध्ये ती सातवीत असल्यापासून खेळत होती.

त्या वेळी पहिली गोष्ट कळली. गेम काढून टाकला तरी त्यातली आपली प्रगती, म्हणजे सेव्ह, जात नाही. गेम हे एक आणि सेव्ह हे वेगळं. 'डिलीट सॉफ्टवेअर' केलं की फक्त गेम जातो आणि विकत घेतलेला असेल तर तो नंतर फुकट परत उतरवता येतो. सेव्ह पुसायचा पर्याय वेगळाच आहे, तिकडे हात लावायचा नाही. पण दर वेळी काढा आणि दर वेळी उतरवा, हे काही परवडणारं नव्हतं. म्हणून मेमरी कार्ड घ्यायचं ठरलं.

स्विचला फोनचंच मायक्रोएसडी कार्ड चालतं. मागचा स्टँड उघडला की त्याच्या खाली बारीकशी खाच दिसते. कार्ड घालण्याआधी कन्सोल खरोखर बंद करावा लागतो. वरचं बटण नुसतं एकदा दाबलं तर तो झोपतो, बंद होत नाही. तीनेक सेकंद दाबून धरायचं, मग 'पॉवर ऑप्शन्स'मध्ये 'टर्न ऑफ' येतं. कार्डाचे सोनेरी पट्टे आत, कन्सोलच्या बाजूला, आणि छापील बाजू आपल्याकडे. टिक असा आवाज येईपर्यंत बोटाने दाबायचं. मोठ्या क्षमतेचं कार्ड पहिल्यांदा घातलं की कन्सोल एक अपडेट मागू शकतो, तेवढं वायफाय चालू असावं.

आम्ही घेतलेलं कार्ड ऑनलाइन एका विक्रेत्याकडचं होतं. वर २५६ जीबी लिहिलेलं, किंमत इतर ठिकाणच्या निम्म्याहून कमी. कन्सोलनेही २५६च दाखवले. 'सिस्टिम सेटिंग्ज'मधल्या 'डेटा मॅनेजमेंट'मध्ये गेम आतून कार्डावर आणि कार्डावरून आत हलवायची सोय आहे. ती सुरुवातीपासून नव्हती, २०२० च्या एप्रिलमधल्या अपडेटने आली. त्या सोयीने सगळे गेम कार्डावर गेले. मुलं खूश. काही दिवस छान चाललं. नवे गेम भरत गेलो तसे जुने उघडेनासे झाले. एकेका गेमवर डेटा खराब झाल्याचा संदेश यायला लागला.

माझ्या नवऱ्याला आधी कन्सोलच गेला असं वाटलं. भाऊजींनी फोनवर सांगितलं, "वहिनी, कार्ड काढून लॅपटॉपला लावा आणि तपासा." विंडोजवर एच-टू-टेस्ट-डब्ल्यू नावाचा छोटा, फुकट प्रोग्राम आहे. तो रिकाम्या कार्डावर एकेक जीबीच्या फाइली लिहीत जातो आणि मग त्या जशाच्या तशा परत वाचता येतात का ते पाहतो. सगळं कार्ड तपासायला कित्येक तास लागतात, पण निकाल स्वच्छ मिळतो. आमच्या कार्डात खरी जागा ३२ जीबीसुद्धा नव्हती. नकली कार्डातली चिप मुद्दाम खोटी क्षमता सांगते. खरी जागा भरली की पुढचं लिहिलेलं एकतर जुन्यावर चढतं नाहीतर कुठेच जात नाही, आणि लिहिताना मात्र काही तक्रार दिसत नाही. म्हणूनच सुरुवातीला सगळं ठीक वाटतं.

पैसे परत मिळाले नाहीत. पण थोरलीचा झेल्डा शाबूत होता. गेम पुन्हा उतरवला, उघडला, आणि ती जिथे होती तिथेच उभी होती. कारण स्विचमध्ये सेव्ह कार्डावर जातच नाहीत. ते कायम कन्सोलच्या आतल्या मेमरीत राहतात. गेम कार्डावर असो, आत असो, की दुकानातून आणलेल्या कार्ट्रिजवर असो, सेव्ह आतच. मला तेव्हा हा नियम फार चांगला वाटला होता.

दुसरं कार्ड ओळखीच्या दुकानातून, पक्कं बिल घेऊन आणलं. १२८ जीबीचंच, पण नावाजलेल्या कंपनीचं. आधी पूर्ण तपासलं, मगच कन्सोलला लावलं. माझं आता ठाम मत आहे की दुकान कितीही ओळखीचं असलं तरी कार्ड तपासल्याशिवाय त्यावर काही ठेवू नये. गेम हलवताना कन्सोल चार्जरला लावून ठेवला आणि मध्ये कोणाला हात लावू दिला नाही.

त्याच वेळी फोटोंचंही काम केलं. मुलं खेळताना स्क्रीनचे फोटो काढतात, छोटे व्हिडिओही. 'डेटा मॅनेजमेंट'मध्ये स्क्रीनशॉटचा विभाग आहे, तिथून सगळे एकदम कार्डावर कॉपी होतात. मग कार्ड लॅपटॉपला लावलं की 'निन्टेन्डो' फोल्डरमध्ये 'अल्बम', आणि आत वर्ष, महिना, दिवस असे कप्पे. कॉपी केल्याने मूळ फोटो आतही राहतात. 'अ‍ॅनिमल क्रॉसिंग'मधल्या थोरलीच्या बेटाचे टाळेबंदीतले फोटो मी एकेक उघडून पाहिले. तेव्हा शाळा बंद होती आणि मैत्रिणी रोज संध्याकाळी एकमेकींच्या बेटावर भेटायच्या. सासूबाईंना दाखवले, तर त्यांनी फुलझाडं कोणी लावली ते विचारलं.

मग गणपतीच्या गडबडीत चार्जरची वायर कोणाच्या तरी पायात अडकली आणि कन्सोल टीव्हीच्या टेबलावरून खाली आला. काच वाचली. चार्जिंगचं पोर्ट मात्र सैल झालं. वायर एका बाजूला दाबून धरली तरच चार्ज व्हायचा. दुरुस्तीवाल्याने उघडून पाहिलं आणि सरळ सांगितलं, "पोर्ट बदलून बघतो. नाही जमलं तर बोर्ड बदलावा लागेल. मग आतलं काही राहणार नाही."

मी म्हटलं, कार्ड काढून घेते की. घरी येऊन थोरलीला सांगितलं तेव्हा तिने आठवण करून दिली की सेव्ह कार्डावर नसतात. आणि ते हाताने कार्डावर कॉपीही करता येत नाहीत, तशी सोयच या कन्सोलमध्ये दिलेली नाही. पहिल्या वेळी ज्या नियमाने आम्हाला वाचवलं तोच आता आडवा आला. खेळण्यासाठी इतकी धावपळ कशाला, असं नवरा म्हणाला. मला तसं वाटलं नाही. चार वर्षं एखाद्या मुलीने वहीत काही लिहिलं असतं तर ती वही मी रद्दीत जाऊ दिली नसती.

सेव्ह बाहेर काढायचे दोनच अधिकृत मार्ग आहेत. एक म्हणजे क्लाउड. त्यासाठी 'निन्टेन्डो स्विच ऑनलाइन'चं पैसे भरून सभासदत्व लागतं. थोरलीचं खातं अमेरिकेतलं, म्हणून भाऊजींनी तिकडून ते भरलं. मग होम स्क्रीनवर गेमवर जायचं, प्लसचं बटण दाबायचं, 'सेव्ह डेटा क्लाउड' निवडायचं आणि सेव्ह वर पाठवायचा. एकेक सेव्ह लहान असतो, झटक्यात जातो. मी वायर दाबून धरून बसले होते आणि ती बटणं दाबत होती. बॅटरीचा आकडा खाली येताना पाहून माझ्या हाताला घाम सुटला होता. झेल्डा वर गेला. मात्र काही गेम क्लाउड घेत नाहीत, 'स्प्लॅटून २' त्यातलाच. आपला गेम घेतो की नाही हे आधी बघून ठेवायला हवं. शिवाय सभासदत्व चालू नसेल तर वर ठेवलेला सेव्ह खाली उतरवता येत नाही.

'अ‍ॅनिमल क्रॉसिंग'चं आणखी वेगळं. तो नेहमीच्या क्लाउडमध्ये बसत नाही. त्याच्यासाठी बेटाचा स्वतंत्र बॅकअप आहे, २०२० च्या जुलैअखेर आलेला. सभासदत्व त्यालाही लागतंच. गेमच्या सुरुवातीच्या पडद्यावर मायनसचं बटण दाबलं की टॉम नुक बोलायला येतो, त्याच्याकडून तो चालू करून घ्यायचा. गेम बंद असताना आणि इंटरनेट चालू असताना तो आपोआप होतो. म्हणून कन्सोल वायफायवर तसाच ठेवला. वायर उशीखाली दाबून, टेकू देऊन.

राहिला धाकटा. त्याचं 'सुपर मारिओ ओडिसी' त्याच्या स्वतःच्या नावाने होतं आणि ते नाव कुठल्याच खात्याला जोडलेलं नव्हतं. क्लाउडचं सभासदत्वही थोरलीपुरतंच. इथे दुसरा मार्ग कामी आला. दोन कन्सोल शेजारी ठेवून एकातला सेव्ह दुसऱ्यात पाठवता येतो, त्याला सभासदत्व लागत नाही. खातं मात्र लागतं, आणि तेच खातं दोन्हीकडे जोडलेलं लागतं. नाशिकहून नणंद दसऱ्याला यायचीच होती, तिच्या मुलीकडे स्विच लाइट आहे. तोवर दुरुस्ती थांबवली. धाकट्याला खातं काढून दिलं, आधी आमच्या कन्सोलवर त्याच्या नावाला जोडलं, मग भाचीच्या लाइटवरही. आधीचा खेळ खातं जोडल्याने पुसला जात नाही, हे पाहून जीव भांड्यात पडला. मग 'डेटा मॅनेजमेंट'मधून 'ट्रान्सफर युअर सेव्ह डेटा'. हा सेव्ह कॉपी होत नाही, हलतो. इकडचा जातो आणि तिकडे येतो. नाव लाइटवर दिसेपर्यंत धाकटा काही बोलला नाही.

दुरुस्तीत शेवटी बोर्ड बदलावाच लागला. कन्सोल परत आला तो नव्यासारखा कोरा. थोरलीचं खातं जोडलं, झेल्डा क्लाउडमधून उतरला. 'अ‍ॅनिमल क्रॉसिंग' उघडल्यावर गेमनेच सांगितलं की बॅकअप सापडला आहे. बेट परत आलं. धाकट्याचा मारिओ पुढच्या सुट्टीत नाशिकला जाऊन आणला.

कार्ड मात्र तसंच्या तसं असूनही त्यावरचे गेम चालले नाहीत. कार्डावरचे गेम त्या एका कन्सोलच्या किल्लीने कुलूपबंद असतात. बोर्ड बदलला किंवा कन्सोल पूर्ण पुसला की ती किल्ली जाते. फोटो आधीच लॅपटॉपवर होते. कार्ड फॉरमॅट केलं आणि गेम पुन्हा उतरवले, त्यात एक आठवडा रोज रात्री वायफाय अडकलं.

कन्सोल तोच असेल आणि फक्त मोठं कार्ड घ्यायचं असेल तर एवढं काही करावं लागत नाही. नणंदेने ६४ चं काढून २५६ चं लावलं, तेव्हा कन्सोल बंद केला, जुन्या कार्डावरचं 'निन्टेन्डो' फोल्डर अख्खं लॅपटॉपवर घेतलं, नवं कार्ड कन्सोलमध्ये घालून फॉरमॅट केलं आणि फोल्डर त्यावर टाकलं. तिचे गेम तसेच चालले. आता ती स्विच २ घ्यायचं म्हणते आहे. तो २०२५ च्या जूनमध्ये आला, आतली मेमरी २५६ जीबी. पण गेम ठेवायला त्याला मायक्रोएसडी एक्स्प्रेस हे वेगळं आणि महागडं कार्डच लागतं. जुन्या कार्डावरून त्यात फक्त फोटो आणि व्हिडिओ घेता येतात. म्हणून मी तिला सांगितलं आहे की घरातलं साधं कार्ड चालेल असं धरून बजेट करू नकोस, आणि लाइट विकायच्या आधी मुलीचे सेव्ह नव्यात गेले आहेत हे तिच्यासमोर गेम उघडून बघ.