परतीची सम

काळाला मागे फिरवणारे संगीत ही अद्भुत कल्पना आहे. तरीही तालाशी रोज व्यवहार करणाऱ्या कलावंताला ती परकी वाटत नाही. ‘द लेजंड ऑफ झेल्डा’ या जपानी व्हिडिओ गेममालिकेतील ‘साँग ऑफ टाइम’ या धुनेत ही जवळीक विशेष स्पष्टपणे दिसते. कोजी कोंडो यांची ही रचना 1998 सालच्या ‘ऑकारिना ऑफ टाइम’मध्ये काळाच्या मंदिरातील दार उघडते, परंतु 2000 साली आलेल्या ‘मेजोराज मास्क’मध्ये तिला खरी सत्ता लाभते. तेथे तीन दिवसांनी चंद्र कोसळून सर्वनाश होणार असतो, आणि नायक लिंक ही धून वाजवून पुन्हा पहिल्या दिवसाच्या पहाटेपाशी येतो.

लिंक वाजवतो ती ऑकारिना म्हणजे फुगीर, पोकळ पोटाचे फुंकवाद्य होय. बासरीत कोणत्या ठिकाणचे छिद्र मोकळे आहे यावर स्वर ठरतो, तर ऑकारिनात छिद्रांच्या जागेपेक्षा एकूण किती भाग मोकळा आहे याला अधिक महत्त्व असते. खेळात या वाद्याचे पाच स्वर पाच बटणांवर बसवले आहेत. त्यांपैकी सर्वांत खालचा स्वर षड्ज मानला, तर सा, कोमल ग, प, शुद्ध ध आणि तार सा अशी मांडणी मिळते. खेळाडूने वाजवायचा भाग केवळ पंचम, षड्ज आणि कोमल गंधार या तीन स्वरांचा असून तो दोनदा येतो. त्यापुढची धून खेळ स्वतः पूर्ण करतो. संपूर्ण धून काफी थाटाच्या सप्तकात बसते. थाट म्हणजे रागांच्या वर्गीकरणासाठी मानलेला सात स्वरांचा संच, आणि पं. विष्णू नारायण भातखंडे यांच्या दहा थाटांतील काफीत गंधार व निषाद कोमल असतात. पाश्चात्त्य संगीतात हीच स्वररचना डोरियन या नावाने ओळखली जाते. थाट जुळला म्हणून राग सिद्ध होत नाही, परंतु भारतीय कानाला ही धून ओळखीची का वाटते याचे एक कारण येथे सापडते.

हीच धून बासरीवर घेतली, तर तिची घडण बोटांना कळते. मध्य सप्तकातील पंचमासाठी सहाही छिद्रे झाकून फुंक जोरकस ठेवावी लागते, षड्जावर उतरताना खालची तीन बोटे उचलून फुंक हलकी करावी लागते, आणि कोमल गंधारासाठी तिसरे छिद्र मोकळे करून दुसरे अर्धेच झाकावे लागते. पंचम व गंधार यांना एकेक मात्रा, तर षड्जाला दोन मात्रा मिळतात. त्यामुळे वादक षड्जावर क्षणभर विसावतो, पण अर्ध्या झाकलेल्या छिद्रातून येणारा गंधार तो विसावा मोडतो आणि तोच स्वरसमूह पुन्हा घ्यावासा वाटतो. परत फिरण्याची ओढ अशी धुनेच्या बांधणीतच आहे.

ही धून उलट्या क्रमाने वाजवली की खेळातील काळ मंदावतो, आणि प्रत्येक स्वर दोनदा वाजवला की पुढची पहाट किंवा संध्याकाळ एकदम समोर येते. विलंबित व द्रुत लयीत काळाची जाण कशी पालटते हे जाणणाऱ्याला यात आपल्याच विद्येचे रूपक दिसते. तथापि अधिक अर्थपूर्ण आहे ते परतणे. तालाच्या एका पूर्ण फेरीस आवर्तन म्हणतात आणि त्याच्या पहिल्या मात्रेस सम. या खेळातील बहात्तर तासांचे एक आवर्तन मानले, तर पहिली पहाट ही त्याची सम ठरते. ख्यालगायक दर आवर्तनात त्याच समेवर येतो, पण मधल्या विस्तारात जे गवसले ते सोबत घेऊन येतो, आणि म्हणूनच ती मात्रा पूर्वीची राहत नाही.

हे परतणे फुकट मिळत नाही. अंजू आणि काफे या ताटातूट झालेल्या जोडप्याची भेट तिसऱ्या रात्रीच्या अगदी अखेरीस, चंद्र कोसळण्यापूर्वीच्या मोजक्या क्षणांत घडून येते. त्यानंतर लिंकने धून वाजवली की ती भेटही पुसली जाते आणि पहाटे अंजू पुन्हा वाट पाहत असते. खुळखुळते रुपये आणि भात्यातील बाण नाहीसे होतात. पण त्या दोघांनी दिलेला मुखवटा लिंकजवळ राहतो, आणि शिकलेल्या धुनाही राहतात. रियाजाचा हिशेबही असाच असतो. कालची मैफल पुन्हा हाती लागत नाही, श्रोत्यांची दाद विरून जाते, सकाळी तंबोरा नव्याने जुळवावा लागतो आणि पहिला षड्ज नव्यानेच लावावा लागतो. परंतु तो लावणारा गळा कालचा राहिलेला नसतो, आणि साधकाला काळाकडून मिळवता येते ते एवढेच.