सायीइतका रंग

मी चित्रसंवर्धक आहे. आमच्या कामाची सुरुवात होते ती कापसाच्या बोळ्याने. बांबूच्या काडीच्या टोकाला कापूस गुंडाळायचा, थुंकीने ओलसर करायचा आणि चित्राच्या एखाद्या कोपऱ्यात अलगद फिरवायचा. थुंकीतल्या विकरांमुळे धूळ-काजळी सुटते, खालचा रंग सहसा सुटत नाही. जुन्या वाड्यांतल्या कितीतरी तसबिरींवरची समईची काजळी मी अशी काढली आहे. मार्क रॉथ्कोच्या चित्राला मात्र हा बोळा टेकवायची माझी छाती होणार नाही.

रॉथ्को मूळचा मार्कुस रॉथ्कोविट्झ. तेव्हाच्या रशियन साम्राज्यातल्या, आज लॅटव्हियात असलेल्या द्विन्स्क गावी १९०३ साली एका ज्यू कुटुंबात त्याचा जन्म झाला. दहाव्या वर्षी तो अमेरिकेत पोर्टलंडला आला आणि काही महिन्यांतच वडील गेले. येल विद्यापीठ अर्धवट सोडून त्याने न्यूयॉर्क गाठलं. पुढे वीसहून अधिक वर्षं ब्रुकलिनमधल्या एका ज्यू शाळेत लहान मुलांना चित्रकला शिकवून त्याने संसार चालवला. तेव्हा तो भुयारी रेल्वेच्या फलाटावरची काटकुळी, एकेकटी माणसं रंगवत असे. युद्धाच्या काळात ग्रीक पुराणकथांकडे वळला. १९४७च्या सुमारास आकृत्या विरघळायला लागल्या आणि १९५०पर्यंत उरले ते एकावर एक तरंगणारे दोन-तीन आयत. तेव्हा त्याने पंचेचाळिशी ओलांडली होती. लोक त्याला अमूर्त अभिव्यक्तिवादी म्हणत, पण त्याला ते नाव मान्य नव्हतं. आपण माणसाचं दुःख, आनंद, विनाश रंगवतो, असं तो सांगे.

हे आयत झळकतात कसे, ते कळावं म्हणून मी एकदा हातभर कॅनव्हास त्याच्या पद्धतीने रंगवून पाहिला. आधी प्राण्यांच्या कातडीचा सरस गरम करून त्यातच रंगाची पूड कालवली आणि कॅनव्हासला चढवली. मग तैलरंगात टर्पेंटाइन घालत गेले, अगदी पाण्यासारखा होईपर्यंत. रुंद ब्रशने थरावर थर दिले. एरवी जवसाचं तेल रंगाच्या कणांना घट्ट धरून ठेवतं. इथे तेल इतकं विरलेलं होतं की कण जेमतेम टेकून राहिले. थर सायीइतका पातळ. प्रकाश त्यातून आत जातो, खालच्या थराला लागून परत येतो, आणि रंग आतून उजळल्यासारखा दिसतो. रॉथ्को कधी त्यात अंडं घाले, कधी राळ. त्यामुळे एक भाग कोरडा, मखमली तर शेजारचा किंचित चकाकता. वर वॉर्निश नाही, भोवती चौकट नाही. माझा तुकडा वाळल्यावर मी त्यावर बोटाचं टोक टेकवलं. तिथे चकाकता डाग उमटला. तो आजही आहे.

आपल्या वासुदेव गायतोंड्यांची चित्रं पाहिलेल्यांना हा आतला उजेड ओळखीचा वाटेल. १९६४ साली रॉकफेलर फेलोशिपवर ते न्यूयॉर्कलाच गेले होते. पण ते रोलर आणि सुरी वापरत, चढवलेला थर पुन्हा खरवडून काढत. वाट वेगळी होती.

१९५८मध्ये न्यूयॉर्कच्या सीग्रॅम इमारतीतल्या फोर सीझन्स या महागड्या रेस्टॉरंटसाठी रॉथ्कोला मोठं काम मिळालं. मरून आणि काळ्या रंगांतले विशाल कॅनव्हास त्याने रंगवले. मग तो तिथे जेवायला गेला, आणि परतल्यावर काम सोडून त्याने पैसे परत केले. त्यातली नऊ चित्रं त्याने लंडनच्या टेट संग्रहालयाला दिली. ती लंडनला पोहोचली २५ फेब्रुवारी १९७० या दिवशी. त्याच दिवशी सकाळी न्यूयॉर्कच्या स्टुडिओत तो मृतावस्थेत सापडला. त्याने स्वतःचं आयुष्य संपवलं होतं.

त्या नवांपैकी एकावर ऑक्टोबर २०१२मध्ये एका माणसाने काळ्या शाईने अक्षरं लिहिली. थर पातळ, वर वॉर्निशचं कवच नाही, त्यामुळे शाई पार कॅनव्हासपर्यंत मुरली. संवर्धकांनी तशाच थरांचा नमुना बनवला, त्यावर तशीच शाई लावली आणि कोणत्या द्रावणाने शाई सुटेल पण रंग सुटणार नाही, हे महिनोन्‌महिने तपासलं. मगच मूळ चित्राला हात लावला. दीड वर्ष लागलं.

हार्वर्ड विद्यापीठातली गोष्ट याहून अवघड. तिथल्या एका इमारतीच्या दहाव्या मजल्यावरच्या भोजनकक्षासाठी रॉथ्कोने केलेली पाच भित्तिचित्रं १९६४मध्ये लागली. त्याने वापरलेला लिथॉल रेड हा लाल रंग उन्हाने विटतो आणि खोलीला मोठाल्या खिडक्या. किरमिजी पार्श्वभूमी विटत विटत ठिकठिकाणी निळसर झाली. १९७९मध्ये चित्रं उतरवून अंधारात ठेवावी लागली. नवा रंग चढवावा, तर रॉथ्कोचा पातळ थर कायमचा झाकला जाणार. अखेर २०१४च्या प्रदर्शनात तोडगा निघाला. जुन्या रंगीत पारदर्शिकांवरून, आणि भिंतीवर न लागल्यामुळे टिकून राहिलेल्या सहाव्या चित्रावरून मूळ रंग ठरवला. जिथे जेवढा रंग उडाला होता, तिथे तेवढाच प्रोजेक्टरने प्रकाशाचा भरला. उन्हाने नेलेला लाल उजेडानेच परत आणला, तोही रंगाचा एक कण न लावता. रोज दुपारी चार वाजता प्रोजेक्टर बंद करत आणि बघणाऱ्यांसमोर विटलेला कॅनव्हास जसाच्या तसा उभा राही.

मला त्या चार वाजताच्या कॅनव्हासबद्दल फार आदर वाटतो. रॉथ्कोने रंग जाड केला असता तर चित्रं कदाचित टिकली असती, पण तो आतला उजेड नसता. त्या उजेडासाठी त्याने जे पणाला लावलं, ते झाकण्याचा अधिकार आम्हा संवर्धकांना नाही. आमचं सगळं शिक्षण हात चालवण्याचं. हात आवरायला मी रॉथ्कोकडून शिकले.

तो हातभर कॅनव्हास माझ्या टेबलासमोर टांगलेला आहे. नवी मुलं कामाला आली की आधी त्यांना तो बोटाचा डाग दाखवते. कापूस हातात देते तो त्यानंतर.