हातचा

पाचवीच्या वह्या तपासायला घेतल्या की मी आधी उत्तरं बघत नाही, खोडलेल्या जागा बघते. पान खिडकीकडे धरायचं. रबराने घासून कागद पातळ झालेला असतो, तिथे आधीचा आकडा दिसतो. शिसं निघून जातं, पण पेन्सिलीचा दाब कागदावर राहतो.

ही सवय मला एका मुलीच्या वहीने लावली. गणित साधंच होतं, ६७ गुणिले ९. तिचं उत्तर ५४३. मी लाल गोल केला, पान उलटायला गेले, तर ५४३च्या खाली काहीतरी दिसलं. उजेडात धरलं, ६०३. म्हणजे बरोबर उत्तर आधी आलं होतं. ते खोडून तिने चुकीचं लिहिलं होतं.

शेजारणीचं बघून लिहिलं असेल म्हणावं, तर शेजारणीच्या वहीत तिसरंच काहीतरी. विचारलं तर बोलेना. मधल्या सुट्टीत डबा खाता खाता म्हणाली, "मॅडम, तुम्ही माझ्यापाशी थांबल्या ना, म्हणून मला वाटलं चुकलं असंल."

थांबले होते खरी. पण तिच्या उत्तराशी माझा काही संबंध नव्हता. तिच्या बाकाजवळच्या खिडकीतून शाळेची टाकी दिसते, आणि पाण्याचा टँकर आला का ते मी बघत होते. आमच्या छत्रपती संभाजीनगरात नळाला कधी कधी आठ-आठ दिवस पाणी नसतं, जायकवाडी साठ किलोमीटरच्या आत असूनसुद्धा. (पुस्तकातलं 'एक नळ हौद चार तासांत भरतो' हे गणित आमच्या सिडकोतल्या पोरांना घालावं तर मागच्या बाकावरून प्रश्न येतो, "मॅडम, नळ कितव्या दिवशी येनार ते सांगा आधी.") मी टँकर शोधत होते आणि इकडे तिने गणित पुन्हा केलं. नऊ साते त्रेसष्ट, तीन लिहिले, हातचे सहा. नऊ सक चोपन्न. आणि चोपन्नच लिहिले. सहा गेले कुठे? मी उभी होते तिथेच सांडले असणार.

मग मी स्वतःवरच नजर ठेवायला लागले. लक्षात आलं की बरोबर उत्तराजवळून मी न थांबता पुढे जाते. चुकलेल्याजवळ थांबते आणि विचारते, "नक्की?" वर्षानुवर्षं हेच. या "नक्की?"चा अर्थ मुलांना पहिल्या आठवड्यातच कळलेला असतो. फळ्यावरचं गणित सोडवण्यापेक्षा माझ्या कपाळावरची आठी वाचणं सोपं, मग ती तेच करतात. त्यात हुशारी काही कमी लागत नाही.

मी ठरवलं, बरोबर असो वा चूक, प्रत्येकाजवळ थांबायचं आणि एकच विचारायचं, "कसं केलंस?" पहिले पंधरा दिवस वर्गात नुसती खोडाखोड. बरोबर आलेली उत्तरंसुद्धा मुलं धडाधड पुसत होती, रबराचा भुगा झाडून झाडून बाकं पांढरी झाली. मी जवळजवळ नाद सोडला होता. तिसऱ्या आठवड्यात एका मुलाने मान वर न करता सांगितलं, "सत्तर नवे सहाशे तीस, त्यातून तीन नवे सत्तावीस काढले." त्याच्या वहीत ६०३ होतं आणि हातचा कुठेच नव्हता. इतकी वर्षं मी थांबत होते फक्त चुकणाऱ्यांपाशी, त्यामुळे बरोबर उत्तर इतक्या वाटांनी येतं हेच मला माहीत नव्हतं.

हातचा सांडतो, हे काही माझंच निरीक्षण नाही. मार्क ॲशक्राफ्ट आणि एलिझाबेथ कर्क या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी २००१ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. काही अक्षरं लक्षात ठेवायला सांगायची आणि त्याच वेळी बेरजा करायला लावायच्या. गणिताची धास्ती असलेली माणसं सर्वांत जास्त अडखळली ती हातच्याच्या बेरजांत, आणि तेही डोक्यात अक्षरं धरून ठेवलेली असताना. मनात एका वेळी थोडंच मावतं. काळजी ही त्यात न बोलावता आलेला पाहुणा, येते आणि ऐसपैस बसते. मग हातचा ठेवायचा कुठे? मला गंमत वाटते ती आपल्या शब्दाची. ज्याने कोणी 'हातचा' म्हटलं, त्याला हे ठाऊक असावं की ही वस्तू कागदावर नसते, धरून ठेवावी लागते, आणि हात थरथरला की सुटते.

माझा स्वतःचा हात थरथरायचा सतराच्या पाढ्याला. गावातल्या शाळेत गुरुजी ओळीने उभं करायचे. सतरा सक बिडोतरसे, इथे जो अडला त्याचा तळवा लाल. छडी खाऊन पाढा पाठ झाला हे खोटं नाही, आणि म्हणूनच आमच्या पिढीला छडीचं कौतुक. मात्र आजही १०२ म्हटलं की आकड्याच्या आधी मला उजवा तळवा आठवतो. वर्गातली किती मुलं त्या ओळीत उभी असतानाच गणितातून कायमची उठली, याचा हिशेब कुणी ठेवला नाही. पावकी, निमकी, पाऊणकी, औटकी हे सगळं वैभव होतं, नाही कोण म्हणतो? ते शिकवण्याच्या पद्धतीबद्दल मात्र माझं मन साफ नाही.

आता त्या शेजारणीच्या वहीकडे येते. तिचं उत्तर होतं ५७६. आधी मला काहीच उलगडेना. मग तिला मोठ्याने म्हणायला लावलं. "नऊ साते त्रेसष्ट." त्रेसष्ट म्हणताना तोंडात आधी येतात तीन, मागून साठ. तिने ऐकलं त्या क्रमाने केलं. मागून आलेले सहा लिहिले, आधी आलेले तीन हातचे ठेवले. चोपन्न आणि तीन सत्तावन्न. ५७६. चूक कानाची होती, अकलेची नाही. तिच्याइतकं मन लावून त्रेसष्ट मी तरी कधी ऐकलं नव्हतं.

२०१९च्या जूनमध्ये बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात एकवीसच्या जोडीला 'वीस एक', त्रेसष्टच्या जोडीला 'साठ तीन' असं वाचन आलं, तेव्हा काय गहजब झाला होता! मराठी बुडाली इथपर्यंत मजल गेली. अधिवेशनात मुख्यमंत्र्यांच्या आडनावाचं 'फडण दोन शून्य' झालं. शिक्षकखोलीत आम्हीही खिदळलो, मी सगळ्यांत मोठ्याने. गणित समितीच्या अध्यक्ष मंगला नारळीकर शांतपणे सांगत होत्या की जुनी नावं काढलेली नाहीत, जोडाक्षरांना आणि उलट क्रमाला अडखळणाऱ्या लेकरांसाठी ही आणखी एक वाट आहे. २०२३ साली त्या गेल्या. ५७६ची वही माझ्या हाती आली ती त्यानंतर. एक पत्र लिहायचं राहून गेलं. आता मी वर्गात दोन्ही म्हणवून घेते. हातचा ठेवताना 'साठ तीन', पाढा म्हणताना 'त्रेसष्ट'. मराठीचं काही बिघडल्याचं अजून तरी दिसलं नाही.

भाजीवाल्या पोरांचं उदाहरण सगळेच देतात, मीही देते, पण थोडक्यात. आमच्या वर्गातला एक जण सुट्टीच्या दिवशी वडिलांबरोबर हातगाडीवर असतो. ६४ रुपये किलोचे पाऊण किलो टोमॅटो त्याने मला विकले तेव्हा बत्तीस आणि सोळा, अठ्ठेचाळीस, हे तागडी खाली यायच्या आत झालं होतं. वर्गात ६४ गुणिले ०.७५ घातलं तर दशांशचिन्ह सगळीकडे फिरून आलं. दिल्ली-कोलकात्याच्या बाजारांतल्या मुलांवर अभिजित बॅनर्जी, एस्थर डुफ्लो आणि सहकाऱ्यांनी केलेला अभ्यास २०२५ साली 'नेचर'मध्ये आला, त्यातही हेच. त्यांनी उलटी बाजूही दाखवली. शाळेतल्या मुलांना बाजारातला हिशेब जमेना. हे दुसरं वाक्य आपण शिक्षक सोयीने विसरतो.

आणि एक कबुली द्यायचीच आहे. नोकरीच्या सुरुवातीला माझ्याकडे वरचे वर्गही होते आणि मला भूमितीच्या रायडरची, म्हणजे प्रमेयांवरच्या उदाहरणांची, भीती वाटायची. घरून सोडवून न्यायचे, पाठ करून फळ्यावर फटाफट उतरवायचे आणि कुणी हात वर केला की घड्याळाकडे बघायचे. तेव्हा वाटायचं, कुणाला कळत नाही. पुढे सियान बायलॉक आणि सहकाऱ्यांचा २०१०चा अभ्यास वाचनात आला. अमेरिकेतल्या पहिली-दुसरीच्या वर्गांचा, शिक्षिका सगळ्या बायका. ज्या बाईंना स्वतःला गणिताची जास्त धास्ती, त्यांच्या वर्गातल्या मुली वर्षाअखेर गणितात मागे पडलेल्या आणि 'गणित मुलग्यांचं' असं मानायला लागलेल्या. मुलग्यांवर काही परिणाम नाही. मी तो लेख मिटून ठेवला आणि त्या वर्षांतल्या मुलींचे चेहरे आठवत बसले. पालकसभेत आया अजून म्हणतात, "मलापण गणित येतच नव्हतं हो, तिला कुठून येणार?" लेकीच्या देखत. त्यांच्यातली एखादी माझ्या त्या वर्षांतल्या मुलींपैकी तर नसेल?

उपाय म्हणाल तर माझ्याकडे फार नाहीत. एक देवळालीचा आहे. तिथले शाळामास्तर द. रा. कापरेकर यांनी १९४९ साली जगापुढे मांडलेला खेळ. कोणताही चार अंकी आकडा घ्या, चारही अंक सारखे नकोत. अंक उतरत्या क्रमाने मांडा, त्यातून चढत्या क्रमाचा आकडा वजा करा, आलेल्या उत्तराचं पुन्हा तेच. ३५२४ घेतला तर ५४३२ वजा २३४५, ३०८७. मग ८७३० वजा ०३७८, ८३५२. मग ८५३२ वजा २३५८, ६१७४. पुढे कितीही करा, ६१७४च. फार तर सात पायऱ्यांत पोचतोच.

वजाबाकीचा सराव तर होतोच, पण मला आवडतं ते वेगळंच. मध्ये हातचा चुकला तर चुकून एखादा दुसरा चार अंकी आकडा येतो, आणि तोही चालत चालत ६१७४लाच जातो. चुकीची गाडी पकडली तरी गाव तेच, दोन स्टेशनं जास्त. जिच्या वहीत ५४३ होतं ती मुलगी एकदा अकरा पायऱ्यांनी पोचली. तिची वही मी खिडकीकडे धरली. काही खोडलेलं नव्हतं, कारण मी जवळ थांबले तरी तिने मान वर केली नव्हती.

हल्ली जून लागला की मी वर्गातले रबर जमा करून घेते. चूक झाली तर एक आडवी रेघ, खालचा आकडा वाचता आला पाहिजे, फळ्यावर मीही तसंच करते. टेबलाच्या खणात सध्या ४१ रबर आहेत. बुधवारी मधल्या सुट्टीनंतर चित्रकलेचा तास असतो, तेवढ्यापुरते मी ते परत देते, नाहीतर चित्रकलेचे सर माझ्याशी बोलत नाहीत.