सरगुंड्यांची शिकाऊ उमेदवारी

बँकेत वीस वर्षे नोटा मोजलेल्या माणसाला आपल्या बोटांचा थोडा गर्व असतोच. माझे ते खाते यंदा चैत्रात बंद झाले.

परतवाड्याच्या घरी, अंगणात, आईने परात माझ्यापुढे सरकवली. कणीक घट्ट भिजवायची, तिची बारीक वळी करायची, ती काडीवर गुंडाळायची, अलगद सरकवून काढायची आणि उन्हात वाळवायची. झाले सरगुंडे! सांगायला अर्धा मिनिट. माझी पहिली वळी मात्र जुन्या थकबाकीसारखी काडीला चिकटून बसली.

"काऊन रे बाप्पा, सरगुंडे करून रायला का गोगलगाई?"

मी लगेच ज्ञान पाजळले, "आई, तिकडे इटलीत, सिसिली बेटावर, अशीच कणीक काडीवर गुंडाळतात. बुझियाते म्हणतात त्याला. लोक पैसे भरून शिकायला जातात!"

"तू फुकट शिकून रायला न? मंग ध्यान दे."

ध्यान देणे भागच होते. गेल्या वर्षापासून आईचे हात थरथरतात. काडी धरता येत नाही. ती हे बोलली नाही, मीही विचारले नाही. फक्त रजेचा अर्ज टाकला.

सरगुंडे वाळल्यावर तिने माझे वेडेवाकडे तेवढे निवडून वेगळ्या डब्यात भरले. मी समजलो, अर्ज नामंजूर.

अक्षय्य तृतीयेला पंगत बसली. सगळ्यांच्या ताटांत आमरसाबरोबर सुबक सरगुंडे होते. गोगलगाई तेवढ्या आईच्या ताटात होत्या.